मिल्काबाईंची नाझीर

“उंबऱ्याच्या बाहेरच थांब,” शेगुल्लाआत्या म्हणाली.

मी पिशवी ओटीवर ठेवली. आत्या, म्हणजे माझ्या वडिलांची बहीण, माजघराच्या दारात उभी होती. तिचा उजवा हात गळ्यात बांधलेला होता. विहिरीजवळ घसरून पडली होती आणि प्लास्टर अजून निघालं नव्हतं. तिच्या मागं जमिनीवर पांढऱ्या चादरीखाली माझी आई होती. पाय दाराकडं होते. टाचांपाशी चादर थोडी वर उचलली गेली होती, तेवढंच मला दिसलं.

आई पहाटे झोपेतच गेली होती. शेजारच्या भानूकाकूंनी मुंबईला माझ्या होस्टेलवर फोन केला. त्या दिवशी शुक्रवार होता. मी संध्याकाळी येणारच होते. एक शुक्रवार सोडून एक मी शब्बाथला घरी यायचे. फोन आल्यावर भाऊच्या धक्क्यावरून पहिली लाँच धरली, रेवसला उतरून एसटी घेतली. वाटेत मी काही विचार केला असेन, पण तो आठवत नाही. लाँचच्या कठड्याला निळा रंग दिलेला होता आणि त्याखालचा गंज पापुद्र्यांनी वर आला होता, हे आठवतं.

“बघायचं असेल तर तिथूनच बघ,” आत्या म्हणाली. “मी चादर बाजूला करते. पण आत येऊ नकोस. तू नाझीर आहेस.”

आमच्या यहुद्यांच्या आळीत या शब्दाचा अर्थ सोपा होता. ज्या बाईची मुलं जगत नसत, ती नवस बोलायची की पुढचं मूल नाझीर करीन. मग त्या मुलाच्या केसांना सात वर्षं कात्री लावायची नाही. सातव्या वर्षी केस कापायचे, तेवढ्या वजनाची चांदी दान करायची आणि केस खाडीत सोडायचे. माझ्या लहानपणी आळीत रूबेन नावाचा असा एक मुलगा होता. त्याची वेणी माझ्या वेणीहून लांब होती. पोरं त्याला ‘रूबेनताई’ म्हणायची आणि तो त्यांना दगड मारायचा.

माझ्या आधीची दोन भावंडं बाराव्याच्या आत गेली होती. आईनं खंडाळ्याला एलियाहू हन्नाबी या पैगंबराच्या जागी जाऊन मलिदा केला आणि नवस बोलून आली. मग मी झाले. मुलगी नाझीर झाल्याचं आळीत कुणी ऐकलं नव्हतं. केसांचा तर प्रश्नच नव्हता, मुलींचे केस कापतं कोण? म्हणून तोरात, आमच्या धर्मग्रंथात, नाझीरासाठी लिहिलेले बाकीचे दोन नियम आईनं माझ्यावर घट्ट बसवले. द्राक्षांचं काही खायचं-प्यायचं नाही. आणि मयताजवळ जायचं नाही.

पहिला नियम दर शुक्रवारी दिसायचा. आमच्याकडं किद्दुशला, म्हणजे शब्बाथ लागताना पेल्यावर म्हणायच्या प्रार्थनेला, द्राक्षासवाच्या जागी काळ्या मनुकांचं सरबत असतं. आई गुरुवारी रात्री मनुका भिजत घालायची आणि शेजारी एका लहान वाटीत माझ्यासाठी आमसुलं. दिवा लागल्यावर सगळ्यांच्या पेल्यांत मनुकांचं, माझ्या पेल्यात आमसुलांचं. रंगानं दोन्ही जवळजवळ सारखी दिसायची.

दुसरा नियम एकदाच दिसला. मी चौदा वर्षांची असताना वडील गेले, तेव्हा आईनं मला आळीच्या तोंडाशी पिंपळाखाली उभं केलं होतं. तिथून मी मयत जाताना पाहिली. कुणाचा चेहरा ओळखू येत नव्हता.

सात वर्षं झाल्यावर हे का संपलं नाही, असं मी आईला विचारलं होतं. मुलाचं वेगळं, म्हणाली. मुलीचं लग्न होईपर्यंत. मी अठ्ठावीस वर्षांची होते, मुंबईत पाणी तपासणाऱ्या प्रयोगशाळेत नोकरी करत होते आणि लग्न झालेलं नव्हतं. आमचा चुलतभाऊ नथान इस्राएलहून, बीरशेबाहून, एकदा आला होता. तो हसून म्हणाला होता, “तिकडं नाझीर म्हणजे ख्रिस्ती मठातला साधू. सिपोरा, तू तिकडं आलीस तर कुणाला बोलू नकोस, क्रूस कुठंय विचारतील.” सगळे हसले. आई हसली नाही.

“आंघोळ कोण घालणार?” मी आत्याला विचारलं.

सगळं त्यावरच अडलं होतं. बाईच्या मयताला बायकांनीच आंघोळ घालायची, आपल्यातल्या बायकांनी. आमच्या आणि आसपासच्या गावांतली अशी प्रत्येक आंघोळ गेली कित्येक वर्षं माझ्या आईनं घातली होती. कुणीतरी सायकलवरून निरोप आणायचं, आई हातातलं काम टाकून कापडी पिशवी उचलायची आणि निघायची. परत आली की मागच्या दारी नहायची आणि तोपर्यंत मला जवळ येऊ द्यायची नाही. आता आळीत आपल्यातल्या तीनच बायका होत्या. प्लास्टरमधला हात घेऊन आत्या, डोळ्यांनी जवळजवळ अधू झालेल्या रिबकाबाई आणि उंबऱ्याबाहेर मी. बाकीची घरं इस्राएलला किंवा ठाण्याला गेली होती.

आत्यानं अलिबागला फोन करवला होता. तिथल्या दोघी लग्नाला मुंबईला गेल्या होत्या. तिसरी म्हणाली, निघते, पण गाडी मिळेल तशी पोचेन. सूर्य बुडाला की शब्बाथ लागणार. शब्बाथला दफन होत नाही. मग शनिवार पूर्ण, आणि रविवार उजाडला की मग. मे महिना होता.

“बर्फ आणू,” आत्या म्हणाली. “गोदीवर मिळतो.”

मासळीसाठी येतो तो बर्फ. त्या उष्म्यात कशाचं काय होतं, किती वेळात होतं, हे मला शिकवलेलं होतं. ते त्या वेळी आपोआप डोक्यात येत राहिलं, जणू कुणीतरी शेजारच्या खोलीत वाचत होतं.

भानूकाकू चहा घेऊन आल्या होत्या. त्या दारात टेकून म्हणाल्या, “मी घालते की आंघोळ. कसं ते सांगा. मिल्कावहिनींनी माझ्या तिन्ही बाळंतपणांत मला न्हाऊ घातलंय.”

आत्याच्या डोळ्यांत पाणी आलं. पण ती म्हणाली, “रीत नाही, भानू. तू पाणी काढून दे फक्त.”

“मी घालीन,” मी म्हणाले.

आत्यानं माझ्याकडं नीट पाहिलं. नवसानं जगलीस तू, म्हणाली. बापाच्या वेळी तुला पिंपळाखाली उभं करताना तुझ्या आईच्या काळजाचं काय झालं होतं ते मी बघितलंय. इतकी वर्षं तिनं पाळलं आणि आज तिच्याच अंगाला हात लावून तू मोडणार? आणि मग ती हळूच म्हणाली, “तोरात स्पष्ट आहे, बाय. आई मेली तरी नाही. ‘आई’ असं लिहिलंय तिथं.”

“हजानांना विचारून येते.”

“विचार. विचारून ये. हायमभाऊ हो म्हणाले तर मी नाही म्हणणार नाही.”

हायमकाका आमचे हजान, प्रार्थना चालवणारे. सिनेगॉग आळीच्या टोकाला आहे; गावातले लोक त्याला मशीदच म्हणतात. मी गेले तेव्हा ते शब्बाथसाठी काचेच्या दिव्यांत तेल ओतत होते. एका बाजूला कोपऱ्यात तिरडी काढून ठेवली होती. मी सगळं सांगितलं. त्यांनी दिवा भरून होईपर्यंत मान वर केली नाही.

“बस,” ते म्हणाले. “तुला नाझीर कुणी केलं?”

“आईनं.”

“बाप आपल्या मुलाला नाझीर करू शकतो. आई करू शकत नाही. आणि मुलीला तर कुणीच करू शकत नाही, बापसुद्धा नाही. मोठी झाल्यावर ती आपल्या तोंडानं बोलली तर गोष्ट वेगळी. तू कधी बोललीस?”

“नाही.”

“मग तू नाहीस. कधीच नव्हतीस.”

दिव्यातल्या पाण्यावर तेलाचा थर बसत होता. मी त्या दोन्हींमधली रेघ स्थिर होताना बघत राहिले.

“हे आईला माहीत नव्हतं?” मी विचारलं.

“होतं. तू सात वर्षांची झालीस तेव्हा ती विचारायला आली होती, केस कापायचे का म्हणून. इथंच बसली होती, तू बसलीस तिथं. मी तिला नियम सांगितला. मला वाटलं, सुटली बिचारी.” काकांनी तेलाची बुधली खाली ठेवली. “मी तेव्हा नवीन होतो, जरा जास्तच बोलायचो. तिला म्हटलं, हा शब्द तोरात माणसापुरताच नाही. सातव्या वर्षी जमीन पडीक ठेवतात, त्या वर्षी जी द्राक्षाची वेल छाटत नाहीत, तिलाही नाझीर म्हणतात. थोरल्या याजकाच्या, कोहेनाच्या, कपाळावर सोन्याची पट्टी असायची, तिचं नावही त्याच कुळातलं. तिनं पट्टीचं सोडून दिलं. वेलीचं तेवढं पुन्हा विचारलं. म्हणाली, म्हणजे त्या वेलीला कुणी हात लावायचा नाही? म्हटलं, नाही, वर्षभर राहू द्यायची. म्हणाली, मग हजान, माझ्या सिपोराचंही राहू दे. आणि हे बाहेर बोलू नका.”

“का?”

“ते मीही विचारलं. कायदा नाही, बंधन नाही, पोरीला उगाच किद्दुशच्या पेल्यापासून का लांब ठेवतेस?” काकांनी तेलाचे हात फडक्याला पुसले. “तुझी आजी कशी गेली माहीत आहे तुला?”

पटकीनं गेली एवढं मला माहीत होतं.

“घरात दुसरी बाई नव्हती. आळीतल्या बायका साथीच्या भीतीनं येईनात. एक म्हातारी आली आणि तुझ्या आईला म्हणाली, पाणी ओत. तुझी आई अकरा वर्षांची होती. पुढं गावात बाई गेली की लोक तिलाच बोलवायला लागले. हिला येतं, म्हणायचे. लग्न होऊन या गावी आली तर निरोप इथंही आला. मला म्हणाली, एकदा हात लागला की बोलावणं चुकत नाही, हजान. आणि नाही म्हणवत नाही. माझ्या मागून हिलाच बोलावतील. नाझीर आहे म्हटलं की कुणी बोलावणार नाही.”

बाहेर कुणीतरी सायकल लावली. काकांनी उठून टोपी सारखी केली.

“आता तूच ठरव. मला कबरस्तानात गेलं पाहिजे, खणणारे जेवायला गेले की लवकर उगवत नाहीत. हो असेल तर उन्हं उतरायच्या आत आंघोळ झाली पाहिजे. नाही असेल तर त्यांना परत पाठवतो. नाही म्हणालीस तरी कुणी तुला बोल लावणार नाही. मी लावू देणार नाही. तिचीही तीच इच्छा होती.”

मी त्या बाकावर किती वेळ बसले असेन सांगता येत नाही, फार नसेन. मला रडू येत नव्हतं. बाक गुळगुळीत होता आणि कडेला कुणीतरी नखानं किंवा चावीनं एक मासा कोरला होता.

“पाणी किती लागतं?” मी विचारलं.

हायमकाकांनी माझ्याकडं पाहिलं. “ते शेगुल्लाला माहीत असेल,” म्हणाले आणि निघाले.

घरी येऊन मी आत्याला सांगितलं, हजान म्हणाले चालेल. बाकीचं सांगितलं नाही. आईनं सांगितलं नव्हतं.

“ते म्हणतीलच,” आत्या पुटपुटली. “त्यांना शब्बाथच्या आत उरकायचंय.” पण ती दारातून बाजूला झाली.

भानूकाकूंनी विहिरीचं पाणी काढून दिलं आणि मागच्या दारी चुलीवर मोठं भगुणं चढवलं. आत्या स्टुलावर बसून सांगत होती. रिबकाबाई तांब्या धरून उभ्या होत्या. त्यांना दिसत नव्हतं, पण मी मनगट धरून दाखवलं की त्या बरोबर तिथं धार सोडायच्या. पाणी मी हाताच्या कोपरानं पाहिलं. थोडं गरम होतं, आणखी एक घागर ओतली.

आईच्या पिशवीत सगळं होतं. साबण, सुती कापडाचे तुकडे, नखं कोरायच्या काड्या, शिवलेलं कफन. कफन तिनं स्वतःच शिवून ठेवलं होतं. गाठ न मारता घातलेले टाके होते.

“अंगावरची चादर काढायची नाही,” आत्या म्हणाली. “खालून हात घाल. उजवीकडून सुरू कर. तिला पालथी घालायची नाही. तिच्यावरून पलीकडं काही द्यायचं नाही, फिरून जा.”

मी फिरून जात होते. आईचं अंग थंड नव्हतं, खोलीइतकंच होतं. पाठीचा भाग मी कुशीवर वळवून धुतला तेव्हा तिचं वजन माझ्या हातावर आलं आणि मला वाटलं, ही इतकी जड नव्हती. मग लक्षात आलं की मी तिला कधी उचललेलं नव्हतं.

“नखं,” आत्या म्हणाली. “नखांत काही राहता कामा नये. मिल्का नेहमी म्हणायची, नखांवरून कळतं आंघोळ कुणी घातली ते.”

मी डावा हात धुतला, मग उजवा. उजव्या हाताच्या अंगठ्याला आणि दोन बोटांना लालसर डाग होता. मी साबण लावला तसा डाग निळसर झाला. पाण्यानं साबण काढला तरी पूर्ण गेला नाही. मी काडीनं नखाच्या आतला भाग कोरला, पुन्हा साबण लावला. पुन्हा निळा. असा रंग कशाचा असतो हे मला माहीत होतं. आम्लात लाल, साबणात निळा. हा प्रयोग शाळेतली मुलंसुद्धा करतात.

“काय गं, थांबलीस का?” आत्यानं विचारलं.

“डाग जात नाहीये.”

“कसला?”

“कामाचा,” मी म्हणाले.

“मग राहू दे. कामाचा असेल तर राहू दे.”

शेवटी रिबकाबाईंनी वरून धार न तोडता पाणी ओतलं. आम्ही अंग पुसलं, कफन घातलं. मग आत्यानं सांगितलं तसं मी आईच्या पायांशी उभी राहिले आणि तिची क्षमा मागितली. आंघोळ घालताना काही चुकलं असेल, कुठं मान राखला गेला नसेल तर माफ कर, एवढेच शब्द असतात. ते सगळ्यांना तेच असतात. मी ते म्हटले. आत्या रडत होती. माझ्या बोटांच्या टोकांना पाण्यानं सुरकुत्या पडल्या होत्या.

उन्हं कलायच्या आत आईला नेलं. माणसं कमी होती म्हणून भानूकाकूंच्या दोन्ही मुलांनी तिरडीला खांदा दिला. यावेळी मला कुणी पिंपळाखाली उभं केलं नाही. मी दारात होते.

मागच्या दारी नहाऊन मी आत आले तेव्हा भानूकाकूंनी उकडलेली अंडी आणि पाव आणून ठेवला होता. रिबकाबाई स्वैपाकघरात चाचपडत होत्या. “मिल्कानं मनुका भिजवल्या असणार,” त्या म्हणाल्या. “गुरुवार चुकवायची नाही ती. सूर्य आहे तोवर पिळून घेऊ.”

ओट्याच्या कोपऱ्यात, जाळीच्या झाकणाखाली, दोन भांडी होती. मोठ्या पातेल्यात मनुका फुगून वर आल्या होत्या. शेजारी लहान वाटी होती.

रिबकाबाईंनी मनुका कुस्करून फडक्यातून गाळल्या. आत्यानं डाव्या हातानं पेले मांडले. वाटी मी घेतली. आमसुलं आईनं बोटांनी सोडवून ठेवली होती, एकही दुसऱ्याला चिकटलेलं नव्हतं. मी ती त्याच पाण्यात चुरली, साखर घातली, गाळून घेतली. आत्या बघत होती.

“सिपू,” ती म्हणाली, “आता ते कशाला? मोडायचं ते मोडलं आज. तुझ्या आईच्या आत्म्यासाठी घे, मनुकांचं घे. पहिल्यांदाच घे.” तिनं माझ्यापुढं पेला सरकवला. ती हे मायेनं म्हणत होती.

दिवा लागला. घरात पुरुष नव्हता म्हणून किद्दुशला हायमकाका आले. कबरस्तानातली माती त्यांच्या चपलांना अजून होती, ती त्यांनी ओटीवर झटकली. ते टेबलाशी उभे राहिले. माझ्यासमोर दोन पेले होते. त्या उजेडात कुणालाही ते वेगळे सांगता आले नसते.

मी आमसुलाचा पेला उचलला.

हायमकाका माझ्या हाताकडं पाहत राहिले. ते काही बोलतील असं मला वाटलं. मग त्यांनी डोळे मिटले आणि किद्दुश सुरू केलं. मी सगळ्यांबरोबर आमेन म्हटलं आणि प्यायले. साखर कमी पडली होती.

पावसाळ्याच्या तोंडाशी प्रयोगशाळेत मला फोन आला. अलिबागहून एक बाई बोलत होत्या. त्यांची सासू गेली होती. मिल्काबाईंची मुलगी ना, म्हणाल्या, तुम्हाला येतं असं कळलं. मग जरा अडखळल्या. तुम्ही नाझीर आहात असंही कुणीतरी म्हणालं, तसं असेल तर राहू दे, आम्ही दुसरं कुणी बघू.

टेबलावर नमुन्यांच्या बाटल्या होत्या. मी एकीचं बूच घट्ट केलं.

“हो, आहे,” मी म्हणाले. “पाणी तापत ठेवा. मी दुपारच्या लाँचनं निघते.”